एका वाक्याचा बाप

आमच्या कार्डिफच्या घराच्या भिंती पातळ. सकाळी माझी बुद्धवंदना आटोपली, की पलीकडे शेजारचे टूरे लिंडहेड मोठ्याने संवाद म्हणायला लागतात. वंदना संपेपर्यंत ते मुद्दाम थांबतात, हे मला वर्षभराने कळलं.

माणूस स्वीडनचा, वय एकाहत्तर. एक्केचाळीस वर्षं मालिका-सिनेमांत छोटी कामं. रशियन हेर झाले, जर्मन डॉक्टर झाले, नऊ वेळा मेले. स्वीडिश मात्र कधी झाले नाहीत. इथल्या ब्रिटिशांना सगळे परके सारखेच. पण शेवटी पडद्यावर नावं सरकतात ना, त्यात यांचं नाव नाही असं एकही काम नाही.

यंदा पहिल्यांदा स्वीडिश बाप मिळाला. शवागारात मुलीची ओळख पटवायची. वाक्य एकच. महिनाभर आमच्या किचनमध्ये सराव. पोळ्या लाटता लाटता मी पोलीसबाई व्हायचे. माझे मिस्टर विक्रांत म्हणायचे, आता ते प्रेतच उठून सांगेल, हे माझे बाबा म्हणून.

शूटिंगच्या आदल्या दिवशी निरोप आला: वाक्य काढलंय, नुसती मान हलवा. त्या मालिकेत न बोलणाऱ्याचं नाव देत नाहीत. टूरे म्हणाले, लहान नटाने सांगतील ते करावं. माझं लाटणं थांबलं. नाव पुसणं म्हणजे काय, हे आमच्या लोकांना कुणी शिकवायला नको. मी पोलीसबाईचाच प्रश्न विचारला, "ओळखता का हिला?"

टूरे खुर्चीतून उठून ताठ उभे राहिले. मग म्हणाले, "ही माझी मुलगी आहे."

दुसऱ्या दिवशी सेटवरही तेच म्हणाले. दिग्दर्शकाने थांबवलं, परत घेतलं, यांनी परत म्हटलं. असं चार वेळा. पाचव्यांदा त्याला सांगितलं, "मान हलवणारा दुसरा आणा. मी बाप आहे." शूटिंगची जागा संध्याकाळपर्यंतच मिळालेली, दुसरा बाप आणणार कुठून? घेतलं तसंच. पण ठेवतील की कापतील, कुणी सांगेना. एजंटने फोनवर बजावलं, पुन्हा काम मिळणार नाही. टूरे म्हणाले, नाही मिळालं तर नाही.

काल तो भाग लागला. टूरे आमच्याच सोफ्यावर. शवागारात त्यांची फक्त पाठ दिसली, पण वाक्य आलं, अख्खं. मग नावं सरकू लागली. विक्रांतनी रिमोट दाबून ती थांबवली. खालून दुसरं, टूरे लिंडहेड. माझे हात आपोआप जुळले.

त्यांनी चष्मा पुसला, नीट वाचलं आणि म्हणाले, "आता पुढे जाऊ द्या. खाली अजून एकाचं नाव आहे."