देवघरातलं रीळ

देवांच्या रांगेत फिल्मचा गोल डबा ठेवलेला, त्याला हळदकुंकू वाहिलेलं, आणि पुढ्यात दिवा जळतोय. मी उंबऱ्यातच थबकलो.

महाराष्ट्र राज्य होऊन थोडीच वर्षं झाली होती. मुंबईच्या एका डॉक्युमेंटरी कंपनीत जुने शॉट्स शोधून आणणं हे माझं काम. डायरेक्टरला कपाशीच्या जुन्या पेरणीचे शॉट्स हवे होते. इंग्रजांच्या काळात वडनेर भोलजीला तशी फिल्म काढली होती आणि तिचं रीळ तिथल्याच गिरजाबाईंकडे आहे, असं कळलं. म्हणून मी त्यांच्या घरी पोचलो होतो.

त्या काळची फिल्म नायट्रेटची. म्हणजे घरात दारूगोळाच. नुसत्या उष्णतेनं पेटते आणि पेटली की पाण्यातही विझत नाही.

"मावशी, तो दिवा आधी हलवा."

"काऊन? आमचे मालक हायेत त्याच्यात. त्याईचाच दिवा हाय तो."

फिल्म गावच्या तंबूत दाखवली तेव्हा बाया गेल्या नव्हत्या. पुढे मालक वारले. तंबूवाल्यानं जाताना रीळ बाईंना देऊन टाकलं. त्यात काय आहे, ते त्यांनी कधीच पाहिलं नव्हतं.

"हे रीळ मुंबईला न्यावं लागेल, ते परत येणार नाही, मावशी. न पेटणारी नवी कॉपी आणून देतो."

"नवी म्हंजे दुसरीच ना बापू. मले हेच पाह्यजे."

बोलून उपयोग नव्हता. रिळाच्या सुरुवातीचा कोरा तुकडा कापला, अंगणात नेऊन पेटवला आणि बादलीत टाकला. पाण्याखालीही तो जळत राहिला. बाई बघत राहिल्या. मग आत जाऊन त्यांनी दिवा उचलला.

"घेऊन जा. पण मले दाखवा लागीन."

मुंबईत डायरेक्टरसाहेबांनी रीळ पाहिलं. "माणूस सगळीकडे पाठमोराच. चेहरा कुठंय?"

"नाहीच, सर."

"मग निकामी. कॉपी कशाला काढायची?"

मला राग आला. "शब्द दिलाय, सर. वाटल्यास माझ्या पगारातून कापा." कुरकुरत त्यांनी सही केली.

कॉपी घेऊन वडनेरला जाताना मात्र मला धास्ती होती. इतकी वर्षं दिवा लावलेल्या बाईला काय दाखवणार, तर नुसती पाठ. शाळेच्या खिडक्यांवर घोंगड्या टाकून भरदुपारी प्रोजेक्टर लावला. बैलजोडी, पेरणीची तिफण आणि ती धरून चालणारा पाठमोरा माणूस. रीळ संपलं.

"माफ करा, मावशी. चेहरा कुठंच नाही."

"चेहरा काय करू? तिफण त्याईच्या हाती, अन् मांगून सरत्याच्या नळीत बी सोडाले मी. जल्मभर पेरणीत पाठच पाह्यली मी त्याईची." त्यांनी पदरानं डोळे पुसले. "फिल्म काढली तवा मले बाजूले करून कॅमेरेवाला माह्याच जागी उभा राह्यला होता. आनखी एकदा लावा."

आमच्या धंद्यात पाठमोऱ्या शॉटवर 'रिजेक्ट' लिहायची पद्धत आहे. तो शॉट कोण बघणार आहे, हे विचारल्याशिवाय मी पुढं कधी तसं लिहिलं नाही.