साहेब आले की प्लग जातो

इंजिनांचे जुने प्लग मी पत्र्याच्या डब्यात टाकतो. डबा भरला की भंगारवाला नेतो. किस्से मात्र कोणी नेत नाही. ते साठतच जातात. म्हणून थोडे लिहून मोकळा होतो.

जळोचीत माझं गॅरेज आहे. मोटारसायकली आणि पंप, हाच धंदा. लोणी देवकरच्या एका कारखान्यानं बसून चालवायचं गवत कापायचं मशिन घेतलं. दिसायला लहान ट्रॅक्टर, पोटाखाली पाती. ते सुरू होईना, म्हणून मला बोलावलं.

मॅनेजर तरुण होता. म्हणाला, "आबा, तुमचं सर्टिफिकेट?"

"चौथी पास. पण प्लग वाचता येतो."

त्याला ते पटेना. मी त्याच्याच मोटारसायकलचा प्लग काढला. काजळीनं काळाकुट्ट! म्हणालो, "चोक ओढून गाडी सुरू करता आणि चोक बंद करायला विसरता."

ऑफिसातली पोरं हसली. सर्टिफिकेट पुन्हा कोणी मागितलं नाही.

*

मशिन चालवायचा नामदेव, कारखान्याचा माळी. त्याच्या आज्याची मेंढरं होती. मी प्लग खोलत होतो, तो शेजारी उकिडवा बसला.

"आबा, मेंढरं असती तर गवताला प्लगच लागला नसता!"

"आणि लेंड्या कोण झाडणार?"

"झाडायच्या कशाला? फुकटचं खत हाय त्ये!"

मी पान्याला जोर लावला.

*

नवा प्लग टाकला. मशिन सुरू झालं, पण लंगडत. कार्बोरेटर खोलला, धुतला, बसवला. तरी लंगडंच. अर्धा दिवस गेला.

नामदेव हळूच म्हणाला, "आबा, पलीकडच्या अंगाला आनिक एक प्लग हाय."

मोटारसायकलला एकच असतो. ह्याला दोन!

"म्हाईत हाय मला," मी म्हणालो. "आधी ह्या एकट्याची परीक्षा घेत हुतो."

*

कारखान्याचे वॉचमन तात्या पणदऱ्याचे. प्लगला ठिणगी येते का बघायचं होतं. मी पकड शोधत होतो, तेवढ्यात तात्यांनी वायरीसकट प्लग हातानंच धरला.

"तात्या, सोडा, झटका बसंल!"

"विहिरीवरच्या मोटारीचा झटका रोजचा हाय आमाला. मारा स्टार्टर!"

नामदेवनं स्टार्टर मारला. तात्या दोन हात मागं जाऊन बसले. टोपी उचलून झटकली आणि म्हणाले, "पास! टाका ह्योच प्लग!"

*

आता खरी गोष्ट. पुण्याहून मोठे साहेब यायचे, तेव्हा मशिन नेमकं बंद. एरवी दिवसभर चालायचं. साहेब हिरवळीजवळ आले की बंद! मी तीन वेळा दोन्ही प्लग बदलले. नामदेवनं नारळ फोडला. तात्यांनी लिंबू-मिरची बांधली. उपयोग शून्य.

शेवटी साहेब मॅनेजरला म्हणाले, "पुढच्या खेपेला मशिन बंद दिसलं, तर बागेचं काम बाहेरच्या कंपनीला द्या." म्हणजे नामदेवची नोकरी गेली!

मी झाडाखाली बसून नुसता बघत राहिलो. मॅनेजर एरवी बागेत फिरकत नसे, त्या दिवशी मशिनसमोरून गेला. नामदेव सीटवरून उठला, हात जोडले, मशिन बंद!

ह्या मशिनला सीटखाली स्विच असतो. माणूस उठला की इंजिन थांबतं. पडला तर अंगावरून पाती जाऊ नयेत म्हणून.

"नाम्या, उठतूस कशाला?"

"मोठ्या माणसासमोर बसून ऱ्हायचं व्हय आबा? आमच्यात न्हाय तसलं."

तात्या म्हणाले, "आबा, त्यो स्विच काढून टाका की."

"स्विच काढणारा मिस्त्री मी न्हाय."

*

मग तालीम घेतली. तात्या साहेब झाले. ऐटीत चालत आले. नामदेव उठला. परत आले. परत उठला. दहाव्यांदा मी ओरडलो, "आभाळ कोसळलं तरी उठायचं न्हाय!"

"बरं, आबा. पर बसून रामराम तरी करू का न्हाय?"

"कर."

*

साहेब आले. मशिन झकास चालू. नामदेव सीटवर दगडासारखा बसलेला. साहेब समोर दिसताच त्यानं दोन्ही हात सोडले आणि जोडले. मोठ्या माणसाला एका हातानं रामराम कसा करायचा?

स्टिअरिंग मोकळं! मशिन वळलं, झेंडूच्या वाफ्यात शिरलं आणि फुलं उडवत सरळ साहेबांकडं निघालं. साहेब बाकावर चढले. मॅनेजर झाडामागं गेला.

मी बोंबललो, "नाम्या, ऊठ! ऊठ की!"

हात जोडलेले तसेच ठेवून तो ओरडला, "न्हाय उठणार, आबा! तुमीच सांगितलंय!"

मशिन बाकाला घासून पुढं गेलं. साहेबांनी बाकावरूनच त्याला हात जोडले. मग मॅनेजरकडं वळून म्हणाले, "मशिन चालतंय. त्या कंपनीला नको म्हणून कळवा."