दोन भिंतींचं घर

त्या सिनेमात माझी तीन कामं होती. गोष्ट लिहायची, ती जिथं घडते ती जागा उभी करायची आणि शेवटी आग लावायची. कंपनी फाटकी, म्हणून सगळं एकट्याच्या गळ्यात. त्यात मी मूळचा चांदा जिल्ह्यातल्या पोंभुर्ण्याचा, तेव्हा जंगलातलं सगळं याला ठाऊक, असं मुंबईकरांनी परस्पर ठरवून टाकलेलं. पन्नासच्या दशकातली गोष्ट.

अहेरीच्या पुढं नाल्याकाठी झोपडी हवी होती. कॅमेऱ्याला दिसतील तेवढ्या दोनच भिंती. जवळच्या गावातल्या एका विधवा बाईला आणि तिच्या भावाला काम दिलं. मागची बाजू नको, हे तीनदा बजावून मी रॉकेल आणायला चांद्याला गेलो.

परत आलो तर चारही भिंती उभ्या, शेणानं सारवलेल्या, आणि आत चुलीवर भात रटरटतोय. माझं डोकंच फिरलं.

"बाई, मागची भिंत काऊन बांधली?"

"उघडं ठेवलं तं डुकरं शिरतीन, भाऊ."

"अन् चूल? परवा हे जाळायचं आहे."

तिनं चुलीत एक काटकी सारली. मग म्हणाली, "जाळाचं होतं तं बांधाले काऊन लावलं? आता चूल पेटली. हे घर झालं."

तिचं आधीचं घर उन्हाळ्यात वणव्यात गेलेलं, हे तिच्या भावानं सांगितलं. भिंतींचं तीनदा बजावणाऱ्या मला जाळण्याचं एकदाही सांगायला सुचलं नव्हतं. लाज वाटली.

दिग्दर्शकाला म्हटलं, गुडघाभर उंचीची झोपडी करून जाळू. कॅमेऱ्यातली फिल्म भरभर पळवली की पडद्यावर ज्वाळा संथ आणि मोठ्या दिसतात. तो म्हणाला, "खेळणं वाटलं, तर खरीच पेटवायची."

ती छोटी झोपडीही बाईनंच केली. बांबूच्या काड्या, वर बारीक गवत. भिंती दोनच.

"याले मागची भिंत नाई?" मी तिला विचारलं.

"याच्यात कोन राह्यते?"

पेटवली. गवत धडाडलं, तशी ती उठून आपल्या घरात गेली आणि दार ओढून घेतलं. दिग्दर्शक खूश झाला. पुढं थेटरात त्या आगीला लोक रडले.

दोन वर्षांनी तिकडे गेलो, तर घरावर नवं गवत शाकारलेलं. बाईनं भात वाढला. त्यानंतर मी पुष्कळ वाडे, देवळं, गावं उभी केली. काम संपलं की सगळी मोडली. टिकलं ते एवढंच, आणि त्यातल्याही दोनच भिंती मी सांगितलेल्या.