खोलीतला डोंगर

गळतीवाला नोकरीभर डोंगरावरच्या तळ्यापासून गावच्या टाकीपर्यंत पाण्याच्या पाइपाशेजारून चालला. ऐन उन्हाळ्यात गवत कुठे उगाच हिरवं आहे, माती कुठे पायाखाली दबते आहे, यावरून पाइप कुठे फुटला ते त्याला कळायचं. मात्र हे ज्ञान सगळं गुडघ्याखाली होतं. तोंडापर्यंत कधी चढलं नाही.

बायको लग्नापासून म्हणत आली होती, "अहो, एकदा मलाही न्या की वर."

"काय ठेवलंय तिथे? दगड."

"मग रोज कशाला मरायला जाता?"

"पगार देतात."

तो निवृत्त झाला. आता न्यायला हरकत नव्हती, तेव्हा तिच्या फुप्फुसांनी राजीनामा दिला. पलंगाशेजारी ऑक्सिजनचं यंत्र आलं. नळी पोहोचेल तेवढंच तिचं जग उरलं. फार दिवस नाहीत, असं डॉक्टरांनी बाहेर हळू आवाजात सांगितलं. हळू आवाजातलं तिला नेहमीच नीट ऐकू येई.

"आता इथंच सांगा, कसा आहे तुमचा डोंगर. तळ्यापर्यंत जायचंय मला."

त्याने घसा खाकरला. "आधी चढ आहे. मग... उतार."

"अहो, तो जिन्यालाही असतो!"

तो ओशाळून उठला, चपला काढल्या आणि पलंगाभोवती चालू लागला. तेव्हा कुठे पायांना वाचा फुटली. कपाटाशी त्याने पाऊल उंच उचललं, "इथे पाइप वर आलाय." खुर्चीपाशी तो अंग तिरकं करून सरकला, "घसरतं इथे." पुढे मोकळ्या हवेतच वाकला.

"वाकलात का?"

"काटेरी फांदी आहे. टोपी उडवते."

"तोडायची मग."

"घरटं असतं तिच्यात. दरवर्षी."

ती बघत राहिली. "आणि मला म्हणे दगड!"

तो नुसता चालत राहिला.

रोज दुपारी दोघं थोडं थोडं वर जात. तिला धाप लागली की तो थांबे. नाही लागली तरी थांबे, कारण संपवायची घाई त्यालाच नव्हती. शेवटी खिडकीपाशी आल्यावर म्हणाला, "हे एवढं वळण. मग तळं."

"दमले हो," ती डोळे मिटून म्हणाली. "तुम्ही व्हा पुढे."

"छे. थांबू की."

सून चहा घेऊन आली तेव्हा यंत्र एकटंच श्वास घेत होतं. सासरे खिडकीपाशीच, तिथे नसलेल्या दगडावर एक पाय टेकवल्यासारखा उचलून, भिंतीला धरून उभे होते.

"बाबा! अहो, आई बघा ना..."

"हळू बोल," तो वळून न बघताच म्हणाला. "जरा बसलीये ती."