साडूभाऊंची एक जून

जगात माणसं दोनच प्रकारची असतात, आधी लागलेली आणि नंतर लागलेली, यावर आमच्या साडूभाऊंची जेवढी श्रद्धा आहे तेवढी देवावरही नसेल. सलूनमध्ये शिरले की आपल्या आधी कोण बसलंय ते मोजून घेतात आणि मागून आलेला पुढे घुसला तर त्याच्या दाढीला फेस लागलेला असतानाही त्याला उठवतात. शिर्डीच्या रांगेत पुढच्या माणसाला "तुमी कितीला हुबं राह्यले?" असं विचारून खात्री करून घेतात. आम्हा दोघांची लग्नं संगमनेरला एकाच मांडवात लागली. आपल्या डोक्यावर अक्षता आधी पडल्या हे ते अजूनही सासऱ्यांना ऐकवतात आणि सासुरवाडीला पहिलं ताट स्वतःपुढे ओढतात. मी शाळामास्तर, उशिरा जेवायची सवय आहे, म्हणून आमचं जमलं.

साडूभाऊ आमच्या गावच्या ग्रामपंचायतीत लिपिक होते. पुढे गावची नगरपंचायत झाली, जुन्या माणसांना शासनाच्या सेवेत सामावून घेतलं आणि त्यांची ज्येष्ठता यादी भिंतीवर लागली. यादीत गवारे बाई चौथ्या, साडूभाऊ पाचवे. वरिष्ठ लिपिकाची जागा एकच आणि पाळी चौथ्याची. बाई घरपट्टीचं काम बघायच्या, त्यांचं टेबल साडूभाऊंच्या टेबलाला चिकटलेलं. दोघं ग्रामपंचायतीत लागले तेही एकाच दिवशी. बाई म्हणायच्या, "मी कामावर आले तेव्हा हे सायकलचं पंक्चर काढत बसले होते." साडूभाऊ म्हणायचे, "पंक्चर हापिसाच्या दारातच काढत हुतो. म्हंजे हजरच!" तीन वर्षं दोघांनी एकमेकांविरुद्ध अर्ज केले. अर्ज शिपायाच्या हातून रीतसर जायचे आणि बाईंच्या डब्यातला ठेचा मात्र टेबलावरून सरळ साडूभाऊंकडे सरकायचा.

शेवटी नगरला सुनावणी लागली. साडूभाऊंनी मला धीरासाठी नेलं. साहेबांनी नियम वाचला, रुजू होण्याची तारीख एकच असेल तर वयाने मोठा तो ज्येष्ठ. दोघांनी शाळेचे दाखले पुढे केले. जन्मतारीख एक जून, सालही तेच! मला हसू आवरेना. आमच्या पिढीतला निम्मा जिल्हा एक जूनला जन्मलेला आहे, कारण तारीख ठाऊक नसली की हेडमास्तर तीच टाकायचे. पण बाई ठामपणे म्हणाल्या, "साहेब, माझी खरी आहे. माझे वडील पोस्टात होते, सगळं लिहून ठेवायचे." त्यांनी वडिलांची वही दाखवली. साहेब साडूभाऊंना म्हणाले, "तुम्ही या तारखेच्या आधी जन्मला असाल तर महिन्याभरात पुरावा आणा."

पुरावा म्हणजे पाथर्डीकडच्या खेड्यातली म्हातारी आत्या. आई-वडील कधीच गेलेले. माझ्या मोटारसायकलवरून आम्ही गेलो तेव्हा आत्या ओट्यावर तुरीच्या शेंगा सोलत होती.

"आत्या, मी कवा झालो गं?"

"तू व्हय? तू तोडीवर झाला. श्रीरामपूरकडं, उसाच्या फडाशेजारी, कोपीत. लई थंडी हुती."

"मंग दाखल्यावर जून कसा?"

"तुझ्या बापानं मास्तरला सांगितलं, पोराचं वय वाढवून लिवा. साळंत बसलं म्हंजे गावात आत्यापाशी ऱ्हाईल, तोडीला न्यायला नको. मास्तरनं दीड वरीस वाढवलं."

येताना करंजीच्या घाटात चहाला थांबलो तेव्हा मीच म्हटलं, "आत्याचं बोलणं कुठं कागदावर आहे? काही सापडलं नाही म्हणा, भांडण चालू राहील."

"पण मला सापडलंय ना, गुरुजी," ते म्हणाले. बशीतला चहा तसाच राहिला.

पुढच्या सुनावणीत ते उभे राहिले. "साहेब, मी बाईंच्या मागून झालोय. हरकत मागं घेतो."

"पुरावा?"

"माझ्याच इरुद्ध हाय साहेब, त्याला पुरावा कशाला?"

परतीच्या एसटीने राहुरी गाठली. तेव्हा बाई म्हणाल्या, "म्हणजे तुम्ही लहान ठरलात?"

"ठरलो."

"मग ही पिशवी धरा."

त्यांनी धरली. उतरताना "ताई, पायरी जपून," असंही म्हणाले, इतक्या वर्षांत पहिल्यांदाच. बाईंना बढती मिळाली. साडूभाऊ त्यांच्या सहीसाठी फायली नेतात, त्यांच्या मसुद्यातल्या चुका काढतात आणि दोन्ही गोष्टींत सारखेच खूष असतात. चिडचिड गेली, दोन किलो वजनही वाढलं.

गेल्या थंडीत एका रविवारी ते म्हणाले, "गुरुजी, श्रीरामपूरकडं जाऊन येऊ." ऊसतोड चालू होती. रस्त्याकडेच्या रानात पाचटाच्या कोप्या उभ्या होत्या, त्यांच्यापलीकडे बाया मोळ्या बांधत होत्या. नेमका फड कोणता हे कोण सांगणार? साडूभाऊ बांधावर बराच वेळ उभे राहिले. एका कोपीच्या दारात झोळी हलत होती, तिच्याकडे बघत होते.

"इचारायचं ऱ्हाऊनच गेलं," ते म्हणाले. "सकाळचा झालो का सांजचा. आय त्या दिवशी कामावर गेल्ती का न्हाई."

आत्या दिवाळीतच गेली होती. गाडीला किक मारायला मी जरा वेळ लावला.