सालहाच्या फळीवरचा पाचवा पाव

अल्जीरियाच्या सरहद्दीजवळच्या आमच्या केफ गावात, किल्ल्याखालच्या मोहल्ल्यात, पाव विकत आणणारं घर आळशी समजलं जातं. कणीक घरी मळायची, गोल पाव घडवायचे, फळीवर मांडायचे आणि वर फडकं टाकून खमैसकाकाच्या भट्टीवर न्यायचे. सगळ्या घरांचे पाव एकाच भट्टीत जातात, म्हणून प्रत्येक घराची खूण वेगळी. माझी अंगुस्तानाची, कारण मी शाळेच्या मुलांचे झगे शिवते. सालहामावशीची खूण घराच्या किल्लीची. ती किल्ली कणकेवर दाबायची, हाताशी असेल त्या फडक्याला पुसायची आणि परत कमरेला लावायची.

खमैसकाकाला मात्र खुणा बघाव्या लागत नसत. कुणाची कणीक सैल, कुणाच्या हातून मीठ जास्त पडतं, कुणाची सून रुसून माहेरी गेलीय, हे सगळं त्याला फळीवरूनच कळायचं. आणि कळलेलं त्याच्या पोटात राहायचं नाही. लांब दांड्याच्या लाकडी फावड्यानं एकेक पाव आत सारता सारता तो खणखणीत आवाजात मोजायचा. "दलिला, तीन! सालहा, चार! बेया, आठ! आज आठ का गं, ओमदाच्या पोटात काय विहीर आहे?" दलिला म्हणजे मी. बेया ही ओमदाची बायको, आणि ओमदा म्हणजे सरकारनं आमच्यावर नेमलेला मोहल्ल्याचा मुखिया. त्याच्या बायकोची थट्टा करायची छाती फक्त काकाचीच होती. आम्ही बायका तोंडाला फडकं लावून हसायचो.

एक्याण्णव सालच्या मे महिन्यात हा आवाज बंद झाला.

त्या दिवशी मी रांगेतच होते. सालहामावशीची फळी पुढे आली. "सालहा, पाच!" काका ओरडला आणि त्यानं डोळा मारला. "चार माणसांच्या घरात पाचवा पाव कुणाला गं? पाहुणा लपवलायस की काय?"

सगळ्या हसल्या. मावशी हसली नाही. ती फळी तिथेच टाकून निघून गेली. बेया माझ्या पुढेच उभी होती.

दुसऱ्या दिवशी पहाटे पोलिसांची गाडी आली. मावशीच्या घरातल्या गाद्या फाडल्या, लोकर गल्लीभर उडाली. मावशीच्या नवऱ्याला घेऊन गेले आणि तीन दिवसांनी सोडलं, तेव्हा त्याला सरळ चालता येत नव्हतं. आणि लमीन, तिचा थोरला, राजधानीत शिकणारा, सरकारच्या डोळ्यांवर आलेला, तो त्या दिवसापासून कुणाला दिसला नाही. दक्षिणेतल्या तुरुंगात आहे, असं लोक म्हणायचे. पुढे पुढे, आतच गेला, असंही म्हणायला लागले. मावशीनं कुणाला हो म्हटलं नाही, नाही म्हटलं नाही. तिनं पत्र्याची एक शेगडी आणली आणि पाव घरी भाजायला लागली. भट्टीवर तिची फळी पुन्हा आली नाही. गल्लीत समोरून काका आला तर ती भिंतीकडे तोंड करून उभी राहायची.

जिभेला हाड नसतं, हे काकाला असं कळलं. त्यानंतर त्यानं मोजणं सोडलं. फळी घ्यायचा, पाव सारायचा, काढायचा, मुकाट्यानं परत करायचा. नवीन सुना त्याला जन्माचा घुमा समजायच्या. मी एकदा म्हटलं, "काका, कावळा बसायला आणि फांदी तुटायला एकच गाठ पडली, तुम्ही किती मनाला लावून घ्याल?" तर म्हणाला, "दलिला, कावळा बोलत नाही. मी बोललो."

त्याच्या भट्टीच्या भिंतीवर राष्ट्राध्यक्षाचा फोटो होता. सगळ्यांच्याच दुकानात असायचा, छातीवर हात ठेवलेला, केस काळेभोर. तेवीस वर्षांत आमचे सगळ्यांचे पिकले, त्याचे नाही. ओमदा दर महिन्याला येऊन बोटानं काजळी तपासायचा आणि काकाला स्टुलावर चढवून पुसायला लावायचा.

मग दोन हजार अकराचा जानेवारी आला. आधी खालच्या गावांतून बातम्या आल्या, मग आमच्या चौकातच पोरं-पोरी उभी राहिली, मग त्यांच्या आया. मीही गेले. शिवणयंत्रावर झगा अर्धा तसाच टाकून गेले आणि इतकी ओरडले की दोन दिवस घसा बसला. अश्रुधुराच्या नळकांड्या फुटल्या की माणसं भट्टीच्या खोलीत शिरायची. काका दार उघडायचा, पाण्यानं डोळे धुवायला द्यायचा आणि परत लावून घ्यायचा. अडुसष्ट वर्षांचा माणूस, मोर्च्यातही आला. सगळे घसा फोडून ओरडत होते आणि हा ओठ घट्ट मिटून चालत होता.

चौदा तारखेला, शुक्रवारी, तो फोटोतला राष्ट्राध्यक्ष विमानात बसून पळाला. टीव्हीवर सांगितलं तेव्हा आम्ही आवाज मोठा करून पुन्हा ऐकलं. खरं वाटेना. मग कुठल्यातरी गच्चीवरून एका बाईनं लग्नात करतात तसा जिभेचा लोलोकार केला आणि मग सगळ्या गच्च्यांवरून सुरू झाला. काका स्टुलावर चढला आणि त्यानं फोटो उतरवला. काजळलेल्या भिंतीवर तेवढा चौकोन पांढरा निघाला.

पुढे काय काय झालं ते मला माहीत आहे. निवडणुका, संप, बटाट्याचे भाव, नवे पुढारी, त्यांची नवी भाषणं. त्याबद्दल मला कुणी विचारू नये, माझं डोकं फिरतं. पण त्या आठवड्यात छातीवरचा दगड उतरला होता, हे कुणी माझ्याकडून काढून घेऊ शकत नाही.

वारा वाहील तशी पाठ फिरवणारे सगळीकडे असतात. आमचा ओमदा, तिजानी त्याचं नाव, दुसऱ्याच दिवशी खांद्यावर झेंडा टाकून गल्लीत आला. "मी तर पहिल्यापासून आतून तुमच्याच बाजूचा होतो," म्हणाला. लोकांनी त्याला घराच्या दारात गाठलं. कुणाकुणाला पकडून दिलंस, सांग. सालहाच्या पोराचं काय केलंस?

"माझ्यावर काय येता?" तिजानी ओरडला. "ती बातमी माझ्या दारात आणली कुणी? तुमच्या भट्टीवाल्यानं गल्लीभर बोंब मारून सांगितली. विचारा त्याला!"

सगळे काकाकडे वळले. तो गर्दीत मागे उभा होता.

"खरं आहे," काका म्हणाला आणि भट्टीकडे निघून गेला.

मला तिजानीच्या झिंज्या उपटाव्याशा वाटल्या, पण त्याला टक्कल आहे.

तीन आठवडे काका भट्टीत जळल्यासारखा राबला. मग एका दुपारी माझ्या दारात आला. धुतलेला सदरा घातला होता. "दलिला, माझ्याबरोबर सालहाकडे चल. एकट्याचे पाय उचलत नाहीत."

"काय करणार आहात तिथे?"

"सांगणार आहे. तिला माहीत आहेच, पण माझ्या तोंडून तिनं ऐकलेलं नाही. मग तिला काय करायचं ते करू दे."

आम्ही गेलो. काकानं कडी वाजवली. कडी सोडल्यावरही त्याचा हात हवेत तसाच होता.

दार एका माणसानं उघडलं. चाळिशीचा, कानांजवळ पिकलेला, गालात घास, आणि अंगावर मावशीच्या मेलेल्या नवऱ्याचा लोकरीचा झगा. त्याच्या मागे ओसरीवर चाकाची मोठी बॅग पडली होती, विमानतळाची चिठ्ठी अजून तिच्यावर होती.

"खमैसकाका," तो म्हणाला. "मी म्हातारा झालो की हो. तुम्ही मात्र होता तसेच काजळीनं काळे."

काका उंबऱ्यावर खाली बसला. बसला काय, पडलाच. त्यानं लमीनचा पाय धरला, मग गुडघा, आंधळा माणूस चाचपतो तसा. "मी तुला मारलं होतं रे," एवढंच म्हणत राहिला. "मी तुला मारलं होतं."

मावशी आतून धावत आली. "मारलं? अरे, तूच तर वाचवलंस त्याला!"

मग तिनं जे सांगितलं ते तिनं वीस वर्षं कुणाला सांगितलं नव्हतं. त्या दिवशी काका ओरडला, तेव्हा तिनं बेयाकडे बघितलं आणि तिला वाटलं, खमैस इशारा देतोय. ती पळत घरी आली, लमीनला मागच्या भिंतीवरून बाहेर काढलं. अंधार पडायच्या आत तो डोंगर ओलांडून अल्जीरियात. तिथून पुढे फ्रान्स. पोलिसांना फक्त गाद्या सापडल्या.

"मग माझ्या भट्टीवर का आली नाहीस?" काकानं विचारलं. "तोंड का फिरवायचीस?"

"येत राहिले असते तर त्यांना कळलं असतं की आपण मिळालेले आहोत. तुलाही उचललं असतं. आपलं हाडवैर आहे असं दिसू दिलं. तुला काय वाटलं, त्या पत्र्याच्या शेगडीवरचा करपलेला पाव मला आवडत होता?"

सगळं इथेच संपलं असतं. काकानं नुसती मान हलवली असती तरी तो जन्मभर मोहल्ल्याचा वीर म्हणून मिरवला असता. मला दिसत होतं, तो तोंड उघडतोय. मी त्याला मागून चिमटा काढला.

"सालहा," तो म्हणाला, "इशारा-बिशारा काही नव्हता. मी चेष्टा केली. चार बायका हसाव्यात म्हणून. बेया तिथे आहे हे मी बघितलंसुद्धा नव्हतं."

मावशी त्याच्याकडे बघत राहिली. मग तिचे खांदे हलायला लागले. मला वाटलं रडतेय. ती हसत होती. हसता हसता तिला भिंत धरावी लागली.

"वीस वर्षं!" ती म्हणाली. "वीस वर्षं प्रत्येक नमाजाला मी या माणसाच्या अकलेला दुवा दिली! आणि अक्कल नव्हतीच!"

"दुवा वाया नाही गेली, आई," लमीन म्हणाला. त्यानं काकाला काखेत धरून उठवलं. "काका, माझ्याबरोबरच्या तिघांना आदल्या दिवशीच उचललं होतं. मला ते फ्रान्समध्ये कळलं. यादीत माझं नाव होतंच, ओमदाच्या बायकोनं सांगो न सांगो, गाडी येणारच होती. तुम्ही तोंड मिटून बसला असता, तर मी त्या पहाटे अंथरुणात सापडलो असतो."

काका रडला. मीही रडले, आणि मला त्याची लाज वाटत नाही. मावशीनं आम्हाला बसवलं आणि ताटलीत ऑलिव्हचं तेल, हरिसाची तिखट लाल चटणी आणि तो करपलेला पाव ठेवला. काकानं पाव उलटून तळ बघितला आणि तोंड वाकडं केलं. ते वाकडं तोंड बघून मला कळलं की आता तो बरा होईल.

दुसऱ्या दिवशी सकाळी भट्टीवर रांग होती. बेयाही होती, खाली मान घालून. तेवढ्यात वळणावरून सालहामावशी आली, डोक्यावर फळी. रांगेनं आपोआप वाट दिली. तिनं फडकं काढलं. लमीन धरला नाही, तर तिच्या घरात पुन्हा चारच माणसं होती, ती, मुलगी, जावई आणि नात. फळीवर मात्र पाच पाव होते, पाचही पावांवर किल्ली दाबलेली.

काकानं फावडं हातात घेतलं. एक पाव सारला, दुसरा सारला, तोंड मिटलेलंच. पाचवा आत गेला आणि तो थांबला. घसा खाकरला. "सालहा," म्हणाला, पण आवाज आतल्या आतच राहिला. वीस वर्षं वापरात नव्हता. त्यानं पुन्हा घसा खाकरला.

"सालहा, पाच!"

खालच्या गल्लीतल्या खिडक्या उघडल्या. पाचवा कुणाचा, हे या वेळी काकानं विचारलं नाही. मावशीनंच कमरेवर हात ठेवून, बेयाकडे बघत, त्याच्याहून मोठ्यानं सांगितलं, "पाचवा माझ्या लमीनचा!"