डाग पाडणारा माणूस

घाणीवर इतकं मनापासून प्रेम करणारा दुसरा माणूस मी पाहिलेला नाही. टोरोंटोच्या आमच्या बेसमेंटमध्ये भाड्याने राहणारा हा स्वीडिश गृहस्थ सिनेमांसाठी घरं उभी करायचा. चहाला वर आला की आमच्याशी बोलायचं सोडून लाइटच्या बटणाभोवतीचे बोटांचे डाग न्याहाळत बसायचा. एकदा त्याने आमचा करपलेला तवा मागून नेला आणि बदल्यात नवाकोरा आणून दिला. रीटाला, म्हणजे माझ्या बायकोला, सौदा पटला, पण माणूस पटेना. "अंकल नॉर्मल नाहीत," ती म्हणायची. "परवा आपल्या फ्रिजच्या मागे टॉर्च मारून बघत होते."

तरुणपणी स्टॉकहोममध्ये नाटकांचे पडदे रंगवून त्याने सुरुवात केली. मग सिनेमांसाठी तुरुंग बांधले, इस्पितळं बांधली, एक अख्खी पाणबुडीही बांधली. कामामागे देश बदलत तो कॅनडात पोचला, तोवर संसार वाटेत कुठेतरी सुटला होता. आता साठी उलटली होती आणि कॉम्प्युटरवर भिंती रंगवणारी तरुण मंडळी आली होती. २०१७ च्या हिवाळ्यात त्याला वसईहून इथे आलेल्या एका कुटुंबावरच्या सिनेमाचं काम मिळालं. त्याने उभारलेली दोन स्वयंपाकघरं दिग्दर्शक बाईंनी नापास केली. "तिसरंही नाकारलं तर मी घरी," तो म्हणाला. त्याला घरच नव्हतं, त्यामुळे हसावं की नाही ते मला कळेना.

तिसऱ्याच्या भिंतींवर तो कित्येक दिवस चहाचं पाणी, तेल आणि काजळी चढवत होता. आम्हीही वसईचेच, म्हणून बाई बघायला येणार त्या सकाळी मसाल्याचे डबे लावायला त्याने रीटाला स्टुडिओत बोलावलं. तो बाईंना आणायला फाटकाशी गेला, मी कॉफी आणायला. परत येऊन बघतो तर रीटा बाह्या सरसावून शेगडीमागची भिंत घासत होती. सगळं लखलखीत.

तेवढ्यात तो दारात आला. त्याने भिंतीवरून बोट फिरवलं, बोट कोरंच राहिलं.

"का?" एवढंच तो म्हणाला.

"लोक येणार होते ना, अंकल. आमचं किचन असं बघून काय म्हणतील?"

बाहेर बाईंचे बूट वाजले. त्या आत आल्या आणि भिंतीसमोर उभ्या राहिल्या. शेवटी तोच पुढे होऊन म्हणाला, "कथेतला मुलगा इतक्या वर्षांनी घरी येतोय. आईने साफ केलंय."

बाईंनी वर पाहिलं. रीटाचा हात पोचला तिथवर भिंत पांढरी होती, त्याच्या वर पिवळा तेलकट पट्टा तसाच होता.

"हात एवढाच पोचतो तिचा," बाई हळूच म्हणाल्या. "असंच राहू द्या."

त्याने रीटाचे दोन्ही हात धरले आणि बराच वेळ सोडले नाहीत.

त्यानंतर त्याला आणखी एकच सिनेमा मिळाला. मग तो स्वीडनला परतला आणि एका लहान गावात त्याने आयुष्यातलं पहिलं स्वतःचं घर घेतलं. त्याचा अधूनमधून फोन येतो. मला त्याची फार आठवण येते. बेसमेंटमध्ये आता एक विद्यार्थी राहतो, तो कशाकडेच बघत नाही.

मागच्या फोनवर रीटाने विचारलं, "अंकल, स्वतःचं किचन तरी क्लीन ठेवता ना?"

"कोणी येणार असेल तर करीन," तो म्हणाला. थोडं थांबून म्हणाला, "तुम्ही या ना एकदा. आदल्या दिवशी साफ करतो."

आम्ही अजून गेलेलो नाही.